डायलिसिसवर असलेल्या आपल्या गावच्या पाच माणसांसाठी आवाहन

सर्व मुंबईकर, पुणेकर, गावकर मंडळी आणि आपल्या माहेरवाशिणी यांना सप्रेम नमस्कार. गणपतीची तिकिटं, आरतीच्या वेळा यांचे मेसेज येतच राहतील, पण हे त्याआधी नीट शेवटपर्यंत वाचा ही विनंती.

आपल्या गावात आज पाच माणसं डायलिसिसवर आहेत, म्हणजे किडनी निकामी झाल्यामुळे त्यांचं रक्त मशीनवर शुद्ध करून घ्यावं लागतं. नावं लिहीत नाही, त्यांच्या घरच्यांनी तसं सांगितलंय आणि तुम्हाला सगळ्यांना माहीतच आहे कोण ते. त्यातले सुतारकाम करणारे दादा, ज्यांनी देवळाच्या सभामंडपाचं लाकूडकाम मजुरी न घेता केलं, त्यांच्या डाव्या हाताला फिस्टुला केलाय, म्हणजे मशीनच्या सुया टोचायला ऑपरेशन करून रक्तवाहिन्या जोडल्यात. त्या हाताने आता वजन उचलायचं नाही, हातावर बोट ठेवलं तर आत थरथर जाणवते. रंधा घरात टांगून ठेवलाय. दिवसभराचं पाणी मोजून, अर्धा लिटरच्या बाटलीवर पेनाने रेघा मारल्यात आणि रेघेच्या खाली गेलं की वहिनी बाटली उचलून ठेवतात. दारात माड आहेत पण शहाळं प्यायचं नाही, आंबा नाही, केळं नाही, पोटॅशियम वाढतं. भाजीसुद्धा उकळून पाणी टाकून द्यायची. हे त्यांना आयुष्यभर करायचंय, ताप आला आणि गेला असा हा आजार नाही.

कोणी म्हणेल सरकारी योजना आहे ना. आहे. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत डायलिसिस बसतं, 2024 पासून कुटुंबाला वर्षाला 5 लाखांचं कव्हर झालंय, रत्नागिरीच्या सिव्हिलमध्ये सोय आहे, आणि त्याचा आपल्या माणसांना खूप आधार आहे हे मोकळेपणाने सांगतो. पण योजना मशीनपर्यंत, वाडीतून मशीनपर्यंत माणूस न्यायचा कोणी? साध्या एसटीत डायलिसिसच्या पेशंटला सवलत आहे, पण पहाटेच्या शिफ्टला नंबर लागला की त्या वेळेला आपल्या वाडीतून गाडीच नाही. चार तास मशीनवर पडून उठलेल्या माणसाला बीपी उतरलेलं असताना हायवेला उभं करून हातखंब्यापर्यंत वडाप शोधायला लावायचं का? रिक्षा नाहीतर ईको व्हॅन भाड्याने करावी लागते, सोबतच्या माणसाची त्या दिवसाची मजुरी बुडते, रक्त वाढायची इंजेक्शनं कधी आत मिळतात कधी बाहेरून आणावी लागतात, रिपोर्ट वेगळे. आणि कधी मशीन बंद पडलं किंवा जागाच नसली तर खासगी सेंटर, तिथे एका वेळेला दीड-दोन हजार. मग काय होतं तर माणसं आठवड्यातली एक खेप चुकवतात. पैसे वाचले म्हणून घरी बसतात आणि तिसऱ्या दिवशी तोंडावर सूज येऊन, दम लागून ॲडमिट होतात. हे आपल्या गावात झालंय, गेल्या पावसाळ्यात आपण एक काकी गमावल्या त्या अशाच.

आपलं मंडळ अशा वेळी गप्प बसलेलं नाही हे नवीन पिढीला सांगायला हवं. आपल्या आजोबा-पणजोबांनी गिरणीत घाम गाळून, पगाराच्या दिवशी रुपया-रुपया वर्गणी काढून परळची खोली पागडीने घेतली. 1982 च्या संपात घरी चूल पेटत नव्हती तरी त्या माणसांनी खोली विकू दिली नाही. त्याच खोलीमुळे आज गावचा पेशंट केईएमला किंवा टाटाला आला की रात्री फुटपाथवर झोपत नाही, पहाटे उठून चालत केस पेपरच्या रांगेत उभा राहतो. आत्तासुद्धा एक मुलगा आईबरोबर तिथे आहे, ट्रान्सप्लांटच्या तपासण्या चालू आहेत, आई किडनी देणार आहे. कोविडात आपल्या पोरांनी वाडीवाडीत धान्य पोचवलं, जुलै 2021 ला चिपळूण पाण्याखाली गेलं तेव्हा तिसऱ्या दिवशी आपला टेम्पो तिथे होता, चिखल उपसायला फावडी घेऊन गेले होते आपले लोक.

आणि देणारे तरी कसे! दादरला फुलं विकणाऱ्या आपल्या आक्का दर गुढीपाडव्याला न मागता खोलीवर येऊन पैसे ठेवून जातात, पावती घ्या म्हटलं तर म्हणतात देवाला पावती कशाला. पोस्टातून रिटायर झालेल्या भाऊंनी ग्रॅच्युइटीतले 25,000 दिले आणि नाव बोर्डावर लावू नका म्हणून निक्षून सांगितलं. कुवेतला असलेल्या आपल्या पोराने पहिल्या पगारातून व्हीलचेअर पाठवली. हायस्कूलच्या एका बॅचने गेट-टुगेदरचं जेवण साधं केलं आणि उरलेले सगळे पैसे इकडे वळवले. मधल्या वाडीच्या महिला बचत गटाने कोकम आणि लोणची विकून 11,000 दिले, बायांनी हातावरच्या कमाईतून दिलेत हो. या सगळ्यांचे उपकार मंडळ कधीही विसरणार नाही.

म्हणूनच मागच्या वर्षीचं मनाला लागलं. हाच विषय वार्षिक सभेत मांडला होता, सगळ्यांनी माना डोलावल्या, ग्रुपवर हात जोडल्याचे आणि अंगठ्याचे इमोजी भरभरून आले, पण वर्गणी मोजक्या घरांतून आली. त्याच महिन्यात क्रिकेटच्या चषकाला स्पॉन्सर एका संध्याकाळी मिळाले. क्रिकेटला आमचा विरोध नाही, आपलीच पोरं खेळतात. पण मशीनवर आहेत तीही आपलीच माणसं, त्यांच्यासाठी चार-चार वेळा फोन करायला लागावा याचं वाईट वाटतं. "बघू", "पुढच्या महिन्यात", "मंडळ काय करतं" असं ऐकून घेतलं, यापुढेही ऐकू, फक्त पैसे द्या.

आता नेमकं काय ते: पाचही जणांची एकच शिफ्ट मिळाली आहे, त्यामुळे गावातलीच एक ईको फेरीला 2,500 ने ठरवली आहे, आठवड्याला दोन फेऱ्या, म्हणजे वर्षाचे 2,60,000, आणि इंजेक्शन-रिपोर्टसाठी प्रत्येकी महिन्याला 2,000 धरून पाच जणांचे वर्षाला 1,20,000, एकूण 3,80,000. हातात 94,000 आहेत, कमी पडतात 2,86,000. प्रत्येक घरामागे किमान 1,000 ठरलेत, जास्त द्याल तेवढं बरं, एकदम जमत नसेल तर महिन्याला 100 द्या. बँकेचा तपशील आणि क्यूआर कोड मंडळाच्या ग्रुपवर पिन केलेला आहे, पैसे पाठवल्यावर नाव आणि वाडी लिहून स्क्रीनशॉट खजिनदारांनाच पाठवा, ग्रुपवर टाकू नका. रोख द्यायचे तर रविवारी संध्याकाळी खोलीवर किंवा गावी वाडीप्रमुखांकडे, पावती तिथल्या तिथे. देणगीवर आयकरात मिळणारी 80जी ची सवलत आपल्याला नाही, बऱ्याच जणांनी विचारलं म्हणून लिहिलं. हिशोब दर तीन महिन्यांनी खोलीच्या बोर्डावर आणि गावी देवळात लागेल.

पैसे जमत नसतील तर वेळ द्या. गावात असलेल्या पोरांपैकी कोणी आठवड्यातला एक दिवस पेशंटसोबत जायला तयार असेल तर घरच्या माणसाची मजुरी वाचते, हे पैशाएवढंच मोठं काम आहे. आयुष्मान कार्डाची ई-केवायसी ज्यांची राहिली आहे त्यांनी गणपतीला आल्यावर करून घ्या, आजारी पडल्यावर कागद गोळा करताना घरच्यांचे हाल होतात. आणि हात जोडून सांगतो, बीपीच्या आणि शुगरच्या गोळ्या बरं वाटतंय म्हणून मधेच सोडू नका, किडनी बहुतेक वेळा त्याच वाटेने जाते, अंगदुखीला मनाने पेनकिलर खाणंही बंद करा.

पहिला हप्ता ईकोवाल्याला पुढच्या सोमवारी द्यायचा आहे, त्यामुळे ज्यांनी नावं सांगून ठेवली आहेत त्यांनी कृपया रविवारच्या आत पैसे जमा करावेत.

आपला नम्र,
सरचिटणीस, मुंबई कमिटी
(गावच्या कमिटीच्या संमतीने)