दिव्यामागची फट

ती. आई-बाबांस,
सा. न. वि. वि.

पलंगाच्या वरच्या दिव्याचा फोटो मिळाला. बाबा, त्यावर लाल बाण काढायची काही गरज नव्हती. दिव्याची एक कड छताला टेकलीय आणि दुसरीकडे बोट जाईल एवढी फट आहे, हे न सांगताच दिसतंय. "पुठ्ठ्याची घडी कोंबतो, झालं काम" असं तुम्ही फोनवर म्हणालात आणि मी चिडले. चिडले की सांगायचं ते राहूनच जातं, म्हणून लिहून पाठवतेय.

त्याच फोनवर आई सहज म्हणाली होती, की हल्ली पलंगावरची चादर रोज झटकावी लागते, छताचा रंग सुटलाय बहुतेक. मला फटीपेक्षा ती चादर जास्त खटकली. आई, रंग सुटला की पोपडे पडतात. तू भुकटी म्हणालीस. दिव्याच्या बरोबर खाली बारीक पांढरी भुकटी पडत असेल, तर ती बहुधा स्क्रूच्या भोकातून येतेय. म्हणजे भोकात स्क्रू धरून ठेवणारा प्लास्टिकचा गट्टू हळूहळू बाहेर सरकतोय.

हे तपासायला वर चढावं लागत नाही. मेन स्विच बंद करा, कोरड्या लाकडी काठीच्या टोकाला फडकं गुंडाळा, आणि दिव्याच्या खाली नाही, बाजूला उभं राहून फटीकडची कड अलगद वर दाबा. वर जाऊन सोडल्यावर स्प्रिंगसारखी परत खाली आली, तर मागे वायरींचा बोळा अडकलाय. तसं असेल तर घाई नाही. पण सगळा दिवाच डगमगला किंवा आणखी भुकटी पडली, तर स्क्रू सुटलाय. मग परत दाबून बघू नका. बाबा, "एकदा नीट बघतो"सुद्धा नको.

आता तुमच्या आगपेटीच्या काड्यांबद्दल. भोक मोठं झालं तर दोन काड्या ठोकायच्या आणि वर स्क्रू पिळायचा, हे मी तुमच्याकडूनच शिकले. माझ्याकडे दिवा बसवताना मी सहा मिलिमीटरच्या गट्टूसाठी चुकून आठच्या बिटाने भोक पाडलं. स्क्रू पिळला की गट्टूही सोबत गरगर फिरायचा. काड्या ठोकल्या, छान घट्ट झालं, मी खूश. काही दिवसांनी रात्री धाडकन आवाज! दिवा फुटला नाही, वायरींना लोंबत राहिला. सगळं वजन दोन बारीक वायरींवर, आणि त्या कनेक्टरमधून अर्ध्या निसटलेल्या. पडून फुटला असता तर परवडलं असतं.

नंतर विचार केला तेव्हा कळलं. भिंतीवर फोटोची चौकट स्क्रूला खाली ओढते, त्यामुळे स्क्रू भोकाच्या काठावर रेलून राहतो. तिथे काड्या चालतात. छतात मात्र वजन स्क्रूला सरळ भोकाबाहेर खेचत असतं. रेलायला काठच नाही. गट्टू आत फुगून भोकाला जेवढा धरेल तेवढाच आधार.

तेव्हा वायरमनला बोलवा आणि जुन्या भोकात नवा गट्टू ठोकू देऊ नका. दिवा ज्या पट्टीवर बसतो ती थोडी फिरवून चार-पाच सेंटीमीटरवर नवी भोकं पाडायला सांगा, जुनी दिव्याखाली झाकली जातील. फक्त वायरीचा पाइप ज्या बाजूने येतो त्या रेषेत ड्रिल नको. सहाचा गट्टू असेल तर बिट सहाचंच, आणि भोक गट्टूपेक्षा थोडं खोल, कारण तळाशी भुकटी साचते. बाबा, तुम्ही खुर्चीत बसून नुसतं ऐका. गिलाव्यात बिट भसकन जातं, स्लॅब लागला की आवाज बदलतो आणि मशीन अडखळायला लागतं. आवाज बदललाच नाही तर गट्टू नुसत्या गिलाव्यात बसणार, आणि मग पुन्हा हीच चादर.

दिवा चढवण्याआधी नुसती पट्टी छताला पक्की होऊ दे. पट्टी आणि छत यांच्यामध्ये कागद सरकता कामा नये. एक स्क्रू पूर्ण पिळला की दुसरं टोक उचललं जातं, म्हणून थोडा हा, थोडा तो, असं आळीपाळीने. शेवटी जोर लावून पिळतात ना, तेही नको. त्याने पट्टी धनुष्यासारखी वाकते आणि दिवा तिच्यावर डुलत राहतो. वायरी पट्टीखाली दाबायच्या नाहीत, वरच्या डबीत चपट्या घडी करून बसवायच्या. जास्तीची लांबी "पुढे लागेल" म्हणून ठेवतात, तीच नेमकी फट पाडते.

(बाहेरच्या खोलीतलं जिप्समचं छत वेगळं प्रकरण आहे. तिथे स्क्रू बोर्डात नाही, वरच्या लोखंडी चॅनेलमध्ये जायला हवा. ते मी आल्यावर बघेन.)

काम चालू असताना बटण बंद केलं म्हणजे झालं, असं कुणी म्हणालं तर ऐकू नका. बटण चुकून न्यूट्रलवर जोडलेलं असेल तर ते बंद असूनही दिव्यापर्यंत करंट येतो. मेन बंदच हवा. टेस्टरही आधी चालू प्लगमध्ये लावून बघायला सांगा, बिघडलेला टेस्टर कुठेच पेटत नाही.

आणि शिडी. बाबा, मान मागे टाकून वर बघितलं की तुम्हाला गरगरतं, हे तुम्ही सांगत नाही, आई सांगते. ती खाली शिडी धरून उभी राहते, म्हणजे पडायला दोघं.

काठी लावून काय झालं ते आजच कळवा. वायरमन येईपर्यंत दुसऱ्या खोलीत झोपा. आई, तो पलंग तुला आवडत नाही हे माहीत आहे. दोन रात्रींचा प्रश्न आहे.

तुमची,
लेक