शिक्षकांच्या बदल्यांसाठी शासन निर्णय पुरत नाही, कायदा करा

मा. ग्रामविकासमंत्री, महाराष्ट्र राज्य यांस,

सप्रेम नमस्कार.

मी जिल्हा परिषदेची प्राथमिक शिक्षिका आहे. आमची शाळा दोन शिक्षकी, पहिली ते चौथी. मागच्या बदल्यांत मला खो बसला. आम्हा शिक्षकांत हाच शब्द चालतो. संवर्ग एकमधल्या, म्हणजे बदलीत प्राधान्य असलेल्या गटातल्या कोणी तुमची शाळा मागितली की तुम्ही उठायचं. त्या संवर्गाबद्दल माझी तक्रार नाही. दुर्धर आजार असलेल्यांना, दिव्यांगांना, विधवा भगिनींना सोयीची शाळा मिळायलाच हवी. पण ज्या प्रमाणपत्रावर मला उठवलं ते तपासलं होतं का, असं विचारायला गेले तेव्हा उत्तर आलं, "बदल्यांच्या ऑनलाइन पोर्टलवरून आलंय, आमच्या हातात काही नाही."

मग आम्ही काही जणींनी वर्गणी काढून वकील केला. पहिल्या तारखेला आमचं प्रकरण कोर्टाच्या बोर्डावर बरंच खाली होतं. संध्याकाळपर्यंत पुकारा झालाच नाही. त्या दिवशी सरांनी एकट्याने चारही वर्ग एका खोलीत बसवले. पहिलीची मुलं तेव्हा कुठे काना-मात्रा जोडायला लागली होती. दुसऱ्या दिवशी मस्टर उघडलं तर पुढच्या महिन्याच्या पानावर माझं नाव पेन्सिलने लिहिलेलं. मी राहणार की जाणार, हे सरांनाही ठाऊक नव्हतं.

साहेब, आम्हाला कोर्टात जायची हौस नाही. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या बदल्यांसाठी २००५ चा कायदा आहे, आणि दाद मागायला मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. आम्ही जिल्हा परिषदेचे कर्मचारी, त्यामुळे मॅटचं दार आम्हाला बंद. आमच्या बदल्या चालतात शासन निर्णयावर. २७ फेब्रुवारी २०१७ चा आला, मग ७ एप्रिल २०२१ चा, मग १८ जून २०२४ चा. मध्ये शुद्धिपत्रकं आणि खुलासे वेगळेच. नियम बदलला की कोणाची तरी सेवाज्येष्ठता हुकते, कोणाची दुर्गम म्हणून ‘अवघड क्षेत्रा’त मोजलेली शाळा सोपी ठरते, आणि तो शिक्षक राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालयात रिट याचिका घेऊन उभा राहतो.

तिथेही हाती फारसं लागत नाही. शिल्पी बोस विरुद्ध बिहार राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा १९९१ चा निकाल वकिलांनी पहिल्याच भेटीत समजावून सांगितला. प्रकरण प्राथमिक शिक्षिकांचंच होतं. काहींना विनंतीवरून पती नोकरीला होते त्या ठिकाणी बदली मिळाली आणि ज्यांना उठावं लागलं ते शिक्षक कोर्टात गेले. म्हणजे आमचा खोच. न्यायालयाने सांगितलं की, बंधनकारक वैधानिक नियमाचा भंग किंवा दुष्ट हेतू असल्याशिवाय बदलीत हस्तक्षेप करू नये. नुसत्या प्रशासकीय सूचनांचा भंग झाला असेल तर वरिष्ठांकडे दाद मागावी. आमचा शासन निर्णय बसतो तो याच सूचनांच्या रांगेत. पाळला तर उपकार, मोडला तरी आमच्या हातात काही नाही. आणि वरिष्ठांकडे गेलं की ते पोर्टलकडे बोट दाखवतात.

शेजारच्या कर्नाटकाने शिक्षकांच्या बदल्यांसाठी २००७ मध्ये स्वतंत्र कायदा केला, २०२० मध्ये नवा आणला. तिथले वाद संपले असं मी म्हणत नाही. पण विधिमंडळात चर्चा होऊन झालेला नियम एका परिपत्रकाने रातोरात बदलता येत नाही, आणि तो मोडला तर न्यायालयाला आत शिरायला जागा मिळते. आम्हाला तेवढंच हवं आहे.

असा कायदा आपण आणावा. त्यात शाळा सुरू झाल्यावर बदली नाही, हे स्पष्ट लिहा. प्रमाणपत्रांची पडताळणी पोर्टल उघडण्याआधी व्हावी. बीडमध्ये बदलीसाठी दिलेल्या दिव्यांग प्रमाणपत्रांवरून शिक्षक निलंबित झाले, पण ती कारवाई नंतरची. प्रमाणपत्र आधीच तपासलं, तर त्यावर कोणाला खो बसणार नाही. आणि जिल्ह्याबाहेरचा, न्यायिक अनुभव असलेला एक अधिकारी नेमा, जो आदेश निघण्याआधी ठरलेल्या मुदतीत हरकती ऐकेल आणि लेखी, कारणांसह निर्णय देईल. माझ्या हरकतीवर एका कागदावर उत्तर मिळालं असतं, ते विरोधात असतं तरीही, मी बॅग उचलून नव्या शाळेत रुजू झाले असते.

आमची पुढची तारीख लागली आहे. सरकारतर्फे उत्तर अजून दाखल झालेलं नाही. निदान ते वेळेत दाखल करायला सांगा.

आपली,
जिल्हा परिषदेची एक प्राथमिक शिक्षिका