तर्रीत नको, वाटीत द्या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

लांबण चटणीवर सरसकट बंदी घाला, अशी मागणी करणारे एका वाचकाचे पत्र आपल्या अंकात वाचले. पत्राची लांबी पाहता त्यांनी चटणी चाखलेली नसावी. चाखली असती तर दोन ओळींतच खूप लिहून झाल्यासारखे वाटले असते.

नाशिकबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. मिसळीच्या ताटात पापड, दही, कांदा-लिंबाच्या शेजारी हल्ली काही ठिकाणी एक छोटी वाटी येते. आत काळपट, तेल सुटलेली चटणी. चवीवरून कारळे, लसूण आणि भाजलेले सुके खोबरे एवढे ओळखू येते, पुढचे ओळखायच्या आत पंख्याची पाती एक एक करून मोजता येऊ लागतात. दहा मिनिटांची मिसळ दोन-तीन तास निवांत चालली आहे, असे वाटते. समोरच्याचे वाक्य संपेपर्यंत आपले उत्तर तीनदा बदलून होते (घरात याचा फायदा झाल्याचे ऐकतो). तिखटावर दही चालते, कारण मिरचीतले कॅप्सेसिन पाण्याला दाद देत नाही, पण दुधातल्या स्निग्धांशात विरघळते. लांबण मात्र दह्याने उतरत नाही.

अंबड-सातपूरच्या कामगाराला जेवायला अर्धा तास मिळतो. चमचाभर चटणीने तो अर्धा दिवस सुट्टी उपभोगून मशीनवर परततो, कंपनीचा एक मिनिट न खाता. यात कोणाचे काय गेले? पंचवटी एक्स्प्रेसच्या पासधारकांनी ती डब्यात बांधून नेऊ नये, एवढे खरे. इगतपुरी आली नाही तोच दादर आले म्हणून बॅग काढून दारात उभे राहणारे वाढले आहेत. आम्हा निवृत्तांनीही लांबच राहावे. आमची दुपार चटणीशिवायच सरता सरत नाही.

वेळ सगळ्यांची सारखीच असली पाहिजे, हे त्या वाचकांचे म्हणणे ऐकायला बरे आहे. पण आपले घड्याळ चालते 82.5 अंश पूर्व रेखांशावर, आणि नाशिक आहे 73.8 च्या आसपास. एका अंशाला चार मिनिटे धरली तर आपण साधारण 35 मिनिटे मागे. रामनवमीला काळाराम मंदिरात दुपारी बाराच्या ठोक्याला जन्म होतो, तेव्हा सूर्य डोक्यावर यायला अर्ध्या तासाहून अधिक अवकाश असतो. अर्ध्या-पाऊण तासाचा हा फरक शहराने कुरकुर न करता पचवला आहे. चटणीही पचेल.

माझी तक्रार वेगळी आहे. रविवारी पुण्याचे पाहुणे घेऊन गंगापूर रोडच्या बाजूला एका मिसळीच्या ठिकाणी गेलो होतो. टेबलावर वाटी नव्हती, आम्ही मागितलीही नाही. तरी रस्सा ओतून चार घास होतात तोच सगळ्यांना वाटू लागले, किती वेळ बसलो आहोत आपण! मागे लोक खुर्चीची पाठ धरून उभे. ओशाळून उठलो, एक्स्ट्रा पाव तसाच राहिला, जिलेबी सांगायची राहिली. बिल देता देता सहज माझ्या ताटाकडे पाहिले, तर रश्शातली शेव अजून कुरकुरीत! गाडीपाशी येऊन घड्याळ पाहिले, जेमतेम दहा मिनिटे झाली होती. चटणी तर्रीतच कालवलेली होती. टेबल लवकर रिकामे व्हावे म्हणून.

हा सरळ मापात पाप करण्याचा प्रकार आहे. वैधमापन कायदा, 2009 मध्ये मीटर आणि किलोग्रॅमच्या पंगतीत सेकंदही मूळ एकक म्हणून बसवलेला आहे. काटा मारणाऱ्या दुकानदारावर कारवाई होते, मग गिऱ्हाइकाचा तास मारणाऱ्यावर का नको? अन्न व औषध प्रशासनानेही रविवारी सकाळी तर्रीचे नमुने घ्यावेत. मात्र नमुना घेणाऱ्याने तो चाखू नये, नाहीतर दहाच्या आत कार्यालय सुटेल.

सिंहस्थ तोंडावर आहे. रामकुंडावर दोन मिनिटांत तासभर स्नानाचे समाधान, ही कल्पना कोणाच्या डोक्यात शिरू नये म्हणून त्याविषयी इथे अधिक लिहीत नाही.

बंदी नको. चटणी वेगळ्या वाटीत द्यावी, मेन्यूकार्डावर तिचे नाव छापावे, गिऱ्हाइकाला दिसेल असे घड्याळ भिंतीवर लावावे. तोवर मिसळप्रेमींनी शेवेवर लक्ष ठेवावे: ती मऊ पडल्याशिवाय कोणी कितीही खाकरले तरी उठू नये. आणि वेटिंगवाल्यांना पापडाच्या तुकड्यावर चटणी लावून वाटणाऱ्या पोरांना मालकांनी आवरावे. परवा असाच एक गृहस्थ पाच मिनिटे उभा राहून, सकाळपासून ताटकळलो म्हणून भांडत होता, आणि त्याला खरे काय ते पटवून देता देता आमचा नंबर गेला.

आपला,
एक वाचक, पंचवटी, नाशिक