खोट्या पोलिसाचं दुकान खऱ्या पोलिसाच्या भीतीवर चालतंय, गृहमंत्री साहेब

गृहमंत्री साहेब, नमस्कार,

मी कोल्हापूरचा, मंगळवार पेठेतला. पक्षाबिक्षाचं काही नाही, घरात घडलेली एक गोष्ट सांगायचीय आणि ती तुमच्याच खात्याची आहे.

आमचे आबा म्हणजे थोरले चुलते, वय 71, साखर कारखान्यातून टाइमकीपर म्हणून रिटायर झालेले. गणपती विसर्जनाच्या आठवड्यात त्यांना व्हिडिओ कॉल आला, समोर खाकीतला माणूस, पाठीमागं अशोकस्तंभ, म्हणाला तुमच्या आधार नंबरवर मुंबईत ड्रग्जचं पार्सल सापडलंय, तुम्ही डिजिटल अरेस्टमध्ये आहात, दार लावून घ्या आणि घरात बोललात तर त्यांनापण आत घेऊ. दीड दिवस आबा माडीवर दार लावून बसले, काकूनं जेवायला हाक मारली तर पोट बिघडलंय म्हणाले, आणि मग गुपचूप बँकेत जाऊन सहा लाख चाळीस हजार पाठवून आले. बँकेतल्या पोरीनं विचारलं एवढे कुणाला, तर नातवाच्या ॲडमिशनला! जन्मात खोटं न बोललेला माणूस.

डिजिटल अरेस्ट असला प्रकार कायद्यात नाहीच, पंतप्रधानांनी ऑक्टोबर 2024 च्या मन की बातमध्ये सांगितलं, फोनवर ट्यून वाजून वाजून कान किटले, आबांनीपण ती ऐकलेली. मी विचारलं, आबा, चार पावलांवर पोलीस चौकी हाय, जाऊन विचारायचं तरी. तर म्हणाले, "चौकीत गेलो असतो तर लोकांनी बघितलं असतं की."

साहेब, भामट्यांचं सगळं भांडवल हे एवढंच आहे. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, आमच्याकडं पोलीस ठाण्याची पायरी त्याच्याही आधी येते. आता हायकोर्टाचं सर्किट बेंच 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात सुरू झालं, किती वर्षांच्या आंदोलनानं मिळालं ते सगळ्यांना माहितीय, म्हणजे हायकोर्ट गावात आलं पण कोपऱ्यावरचं ठाणं अजून लांबच.

आबांनी तोंड उघडलं ते विसर्जनाच्या दिवशी सकाळी. 1930 ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन लावला, त्यांनी नीट ऐकलं, तक्रारीचा नंबर दिला, हे चांगलं झालं. मग ठाण्यात गेलो. कुठलं ते लिहीत नाही, एका ठाण्याचा प्रश्न नाही. तिथं एक हवालदार आणि एक ताई, बाकी सगळे मिरवणुकीच्या बंदोबस्ताला. साहेब नाहीत, उद्या या. आणि आमच्या विसर्जनाची मिरवणूक म्हणजे दुसरा दिवस उजाडला तरी इराणी खाणीकडं, जिथं गणपती बुडवतात तिकडं, चाललेलीच असते, त्यामुळं 'उद्या' काही आली नाही, एफआयआर लागला चौथ्या दिवशी. दखलपात्र गुन्हा असला की एफआयआर लिहायलाच पाहिजे हे सुप्रीम कोर्टानं ललिता कुमारी खटल्यात 2013 लाच सांगितलंय. पण त्या हवालदाराला काय बोलणार, डोळे लाल, आदल्या सकाळपासून ड्युटीवर होता, स्वतःचा चहा त्यानं आबांपुढं सरकवला.

म्हणून मला पोलिसांना शिव्या घालायच्या नाहीत. 2019 च्या पुरात आंबेवाडी, चिखलीकडं छातीएवढ्या पाण्यात उतरलेले खाकीवाले मी बघितलेत, तेव्हा त्यांना कोण भीत नव्हतं, लोक स्वतः हात पुढं करत होते. तोच माणूस टेबलामागं बसला की आपण हात जोडतो, हे कसं काय?

मला वाटतं आपण पोलिसाकडून सगळंच करून घेतोय. मंडळाच्या डॉल्बीपुढं तोच, जोतिबाच्या यात्रेत तोच, फुटबॉल मॅचला दोन तालमींच्या (म्हणजे पेठापेठांतल्या मंडळांच्या) पोरांच्या मधी तोच, तुमचा दौरा असला की रस्त्यावर उन्हात तोच (राग मानू नका), आणि उरलेल्या वेळात तपास. सुप्रीम कोर्टानं 2006 ला प्रकाश सिंह खटल्यात तपास आणि कायदा-सुव्यवस्था वेगळं करा म्हणून सांगितलं. आमच्या ठाण्यात मला तरी ते दिसलं नाही. प्रत्येक ठाण्यात तक्रार लिहून घेणारी दोन माणसं तरी अशी ठेवा की गणपती असो नाहीतर इलेक्शन, त्यांना बंदोबस्ताला ओढायचं नाही.

दुसरं, 1 जुलै 2024 पासून नवीन कायदा आलाय, भारतीय नागरिक सुरक्षा संहिता. साठीच्या वरच्या पुरुषाला साक्षीसाठी ठाण्यात बोलवता येत नाही, पोलिसांनी घरी जायचं. तीन वर्षांपेक्षा कमी शिक्षेचा गुन्हा असेल तर साठीच्या वरच्याला डीवायएसपीच्या परवानगीशिवाय अटक नाही. हे मला वकील मित्रानं सांगितलं, आबांना कोण सांगणार? बीट अंमलदाराला, म्हणजे त्या भागाच्या पोलिसाला, महिन्यातून एकदा पेठेतल्या तालमीत, विठ्ठल मंदिराच्या कट्ट्यावर पाठवा, खुर्ची टाकून बसू दे, म्हाताऱ्यांशी बोलू दे. ओळखीचा पोलीस असला तर माणूस त्यालाच फोन लावतोय की, हे खरं हाय का म्हणून.

तपास कुठवर आला हे तक्रारदाराला 90 दिवसांत कळवायचं असंही त्याच कायद्यात आहे. आमचा दसरा झाला, दिवाळी झाली, थर्टीफर्स्टचा बंदोबस्तपण झाला, तपासाचे साहेब मधी एकदा बदलले एवढं कळलं. नवीन साहेब कोण ते आबांना कुणीतरी कळवा. फक्त व्हिडिओ कॉल करू नका, ते उचलणार नाहीत.

आपला,
मंगळवार पेठेतला एक पुतण्या