बेसबॉलचा सामना किती वाजता संपतो?

प्रिय सुहास,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र मिळालं. ऑफिसातली मंडळी तुला शिकागोत रिग्ली फील्डवर तिथल्या कब्स संघाचा बेसबॉल सामना दाखवायला नेणार, आणि तुझी पहिली चौकशी काय, तर "सामना किती वाजता संपतो?" अगदी तुला शोभेल अशी चौकशी! पण खरं सांगतो, बेसबॉलबद्दल विचारावं असं सगळ्यात नेमकं तू हेच विचारलंस. तिकिटावर सुरू होण्याची वेळ छापलेली असते. संपण्याची नसते, कारण ती कोणालाच ठाऊक नसते.

थोडक्यात हवं असेल तर अडीच ते पावणेतीन तास धर. आता सविस्तर.

सामना नऊ इनिंगचा. प्रत्येक इनिंगचे दोन भाग: आधी पाहुणा संघ बॅटिंग करतो, मग यजमान. तीन गडी आऊट झाले की भाग संपला. क्रिकेटची षटकं डोक्यातून काढून टाक. इथे किती चेंडू टाकायचे याला मर्यादाच नाही. तीन आऊट तीन चेंडूंतही होतील आणि तास उलटला तरी होणार नाहीत. २१ मे १९५२ ला ब्रुकलिन डॉजर्सनी सिनसिनाटीविरुद्ध पहिल्याच इनिंगमध्ये १५ धावा काढल्या होत्या. २१ बॅटर खेळून गेले आणि त्यांतले सलग १९ जण या ना त्या मार्गाने बेसवर (धाव काढताना ओलांडायच्या तीन ठाण्यांपैकी एकावर) पोचले. समोरच्या संघाला एकच हवं होतं, तिसरा आऊट, आणि तो मिळेना. घड्याळ बघून हा छळ संपवायची सोय खेळात नाही. आघाडीवर असलेल्या संघाला फुटबॉलसारखा वेळ काढत बसता येत नाही, बॅटरला चेंडू टाकावाच लागतो. मला हा खेळ आवडतो तो याच एका गोष्टीसाठी.

नऊ इनिंग म्हणजे दोन्ही संघांचे मिळून ५४ आऊट. पण नवव्या इनिंगचा वरचा भाग (पाहुण्यांची बॅटिंग) संपला आणि यजमान पुढे असले, तर खालचा भाग खेळतच नाहीत. मग सामना ५१ आऊटमध्येच आटोपतो. बरोबरी असेल किंवा यजमान मागे असतील तर ते खेळतात, आणि विजयी धाव होम प्लेटला (बॅटर उभा राहतो त्या शेवटच्या ठाण्याला) लागली की त्या क्षणी सगळं थांबतं, आऊट किती झाले याच्याशी कर्तव्य नाही. याला वॉक-ऑफ म्हणतात. फक्त होमरनवर (चेंडू थेट कुंपणापार) सामना संपला तर बेसवरच्या सगळ्यांच्या धावा मोजतात.

नऊ हा आकडाही पहिल्यापासूनचा नाही बरं का. सुरुवातीच्या काळात जो संघ आधी २१ धावा करेल तो जिंकायचा. नऊ इनिंग ठरल्या १८५७ साली.

आता वेळ जातो कुठे ते बघ. एका बॅटरची पाळी चार बॉल (वेडावाकडा टाकलेला चेंडू; चार झाले की बॅटर चालत पहिल्या बेसवर) किंवा तीन स्ट्राइकपर्यंत (हुकलेला किंवा सोडून दिलेला चांगला चेंडू; तीन झाले की आऊट), असं कोणीही सांगेल. पण एक मेख आहे. दोन स्ट्राइक झाल्यावर बॅटरने चेंडू रेषेबाहेर फाउल मारला आणि तो कोणी झेलला नाही, तर तो स्ट्राइक धरत नाहीत. म्हणजे चिवट बॅटर फाउलवर फाउल मारत उभा राहू शकतो. एप्रिल २०१८ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या ब्रँडन बेल्टने एंजल्सचा पिचर (चेंडू टाकणारा) हाइमे बारिया याला एकाच पाळीत २१ चेंडू टाकायला लावले. जवळपास तेरा मिनिटं एकच बॅटर! आणि शेवटी काय, राइट फील्डमध्ये सोपा झेल. फळ्यावर त्याची नोंद कुठल्याही साध्या आऊटसारखी एक आऊट. पण पिचरच्या हाताचं काय झालं असेल ते बघ. असे दोन-तीन बॅटर भेटले की तो लवकर दमतो, बुलपेनमधून (राखीव पिचरांच्या जागेतून) नवा पिचर येतो, तो सरावाचे चेंडू टाकतो, आणि सामना आणखी लांबतो. उलट टोकाला ग्रेग मॅडक्स. अटलांटाच्या या पिचरने १९९७ साली तुझ्या कब्सविरुद्ध पूर्ण सामना ऐंशीहूनही कमी चेंडूंत संपवला होता. त्याच्या हातात चेंडू असला की लोक वेळेवर घरी पोचत.

पण फाउल, बॉल, धावा हा झाला खेळ. तो लांबला तर तक्रार नाही. माझी तक्रार होती ती मधल्या रिकाम्या वेळेबद्दल. दोन्ही संघांचे अठरा भाग खेळले गेले तर त्यांच्या मध्ये सतरा विश्रांती पडतात. एकेक सव्वादोन मिनिटांची धर, अडतीस मिनिटं नुसती जागा बदलण्यात आणि टीव्हीवरच्या जाहिरातींत गेली. दोन चेंडूंमधला वेळ तर याहून कितीतरी जास्त. सत्तर-ऐंशीच्या दशकांत माइक हारग्रोव्ह नावाचा एक बॅटर होता. प्रत्येक चेंडूआधी हा बॉक्सबाहेर येणार, बाही ओढणार, हेल्मेट दाबणार, ग्लोव्हचा अंगठा नीट करणार, पँट सारखी करणार, मग कुठे परत उभा राहणार. त्याचं टोपणनावच पडलं 'ह्यूमन रेन डिले'. पाऊस आल्यावर खेळ थांबतो तसा हा एकटाच थांबवायचा. तेव्हा तो गमतीचा विषय होता. पुढे सगळेच तसे करू लागले आणि पिचरही चेंडू हातात घोळवत तंद्री लावू लागले. २०२१ मध्ये नऊ इनिंगच्या सामन्याची सरासरी ३ तास १० मिनिटांवर गेली होती.

मग २०२३ मध्ये पिच क्लॉक, म्हणजे दोन चेंडूंमधला वेळ मोजणारं घड्याळ, आलं. तू मैदानात बसशील तेव्हा होम प्लेटच्या मागच्या भिंतीवर आणि पलीकडे सेंटर फील्डला उलटे मोजणारे आकडे दिसतील, तेच ते. बेस रिकामे असतील तर पिचरला १५ सेकंद. बेसवर कोणी असेल तर पहिल्या वर्षी २० होते, २०२४ पासून १८. बॅटरनेही आठ सेकंद उरायच्या आत तयार व्हायचं. पिचर चुकला तर फुकटचा एक बॉल, बॅटर चुकला तर फुकटचा स्ट्राइक. पिचरने धावपटूला दचकवण्यासाठी वारंवार बेसवर चेंडू फेकणं किंवा पाय मागे घेणं हेही एका पाळीत दोनदाच. तिसऱ्यांदा केलं आणि धावपटू आऊट झाला नाही, तर त्याला पुढचा बेस बहाल.

पहिल्या दिवसांत गोंधळ झालाच. फेब्रुवारी २०२३ मध्ये अटलांटा आणि बॉस्टनचा सरावसामना नवव्या इनिंगमध्ये ६-६ असा बरोबरीत, तिन्ही बेस भरलेले, दोन आऊट, तीन बॉल दोन स्ट्राइक. याहून ताणलेली अवस्था या खेळात नाही. आणि अंपायरने बॅटरला आऊट दिलं, कारण तो वेळेत तयार नव्हता! सामना बरोबरीत संपला. बॅटरला आधी वाटलं, आपल्याला बॉल मिळाला आणि आपण जिंकलो. जुने रसिक म्हणाले, झालं, खेळाचं वाटोळं केलं.

मला तसं वाटत नाही. हिशेबच करून बघ. एका सामन्यात दोन्हीकडून मिळून तीनशेच्या आसपास चेंडू पडतात. प्रत्येकामागे पाच सेकंद वाचले की पंचवीस मिनिटं झाली. आणि घडलंही नेमकं तसंच: २०२२ ची सरासरी ३ तास ४ मिनिटं, २०२३ ची २ तास ४० मिनिटं. इनिंग तितक्याच, आऊट तितकेच, गेली ती फक्त ग्लोव्हच्या पट्ट्या सोडणं-बांधणं. घड्याळ आलं ते चेंडूंच्या मधल्या वेळेवर. सामन्याला अजूनही घड्याळ नाही. हा फरक मला फार महत्त्वाचा वाटतो. तिसरा आऊट आजही घ्यावाच लागतो.

जुन्या काळी तर खेळाडू घड्याळाशिवायच झपाझप खेळत. २८ सप्टेंबर १९१९ ला न्यूयॉर्क जायंट्सनी फिलाडेल्फियाला नऊ इनिंगच्या सामन्यात हरवलं, ५१ मिनिटांत! त्याच्या पुढच्याच वर्षी, १ मे १९२० ला, ब्रुकलिन आणि बॉस्टन यांच्यात २६ इनिंग झाल्या, अंधार पडला म्हणून १-१ वर सोडून दिलं. दोन्ही संघांच्या पिचरांनी, लिऑन कॅडोर आणि जो ओशगर यांनी, सगळ्याच्या सगळ्या २६ इनिंग टाकल्या. आज कुठल्या कोचने असं केलं तर त्याची नोकरी जाईल. आणि वेळ किती लागला? ३ तास ५० मिनिटं.

तर बरोबरी. नऊ इनिंगनंतर बरोबरी असेल तर जादा इनिंग, निकाल लागेपर्यंत. शिकागोतच, पण व्हाइट सॉक्सच्या मैदानावर, ८ मे १९८४ ला सुरू झालेला सामना १७ इनिंगनंतर रात्री एकच्या सुमारास थांबवावा लागला. दुसऱ्या दिवशी पुढे चालू केला आणि पंचविसाव्या इनिंगमध्ये हॅरल्ड बेन्सच्या होमरनने संपला. एकूण ८ तास ६ मिनिटं. मेजर लीगमधला (कब्स खेळतात त्या सर्वोच्च लीगमधला) वेळेच्या हिशेबाने सर्वात लांब सामना हाच.

मायनर लीगमध्ये, म्हणजे त्याच्या खालच्या दर्जाच्या लीगमध्ये, याच्याही वरताण आहे. १९८१ च्या एप्रिलमध्ये ऱ्होड आयलंडमधल्या पॉटकेट इथे रॉचेस्टरविरुद्धचा सामना रात्री सुरू झाला आणि पहाटे ४ वाजून ७ मिनिटांनी थांबवला तेव्हा ३२ इनिंग झाल्या होत्या. थंडी इतकी की खेळाडूंनी मोडक्या बॅटी जाळून शेकोटी केली. प्रेक्षक उरले होते १९. जूनमध्ये उरलेला सामना घेतला तर अठरा मिनिटांत, एकाच इनिंगमध्ये निकाल. वेड बॉग्ज आणि कॅल रिपकेन धाकटा, दोघेही पुढे हॉल ऑफ फेममध्ये गेले, ते त्या रात्री एकमेकांविरुद्ध खेळत होते.

असले सामने आता साखळीत होणं जवळजवळ अशक्य, आणि इथे मात्र मी जुन्या रसिकांच्या बाजूने आहे. २०२० पासून दहाव्या इनिंगपासून प्रत्येक भागाच्या सुरुवातीला एक धावपटू आयता दुसऱ्या बेसवर उभा करतात. त्याने हिट मारलेला नाही, चालत बेस कमावलेला नाही, काही नाही. एक बरा फटका बसला की तो घरी. सामने पटकन संपतात, पिचरांचे हात वाचतात, हे मान्य. १६२ सामन्यांच्या हंगामात तेही बघावं लागतं. पण पिच क्लॉकने रिकामा वेळ कापला, या नियमाने खेळच कापला. प्लेऑफमध्ये (साखळीनंतरच्या बाद फेरीत) हा प्रकार नाही हे नशीब. म्हणून तर २०२५ च्या वर्ल्ड सिरीजच्या (अंतिम मालिकेच्या) तिसऱ्या सामन्यात डॉजर्स आणि टोरांटो १८ इनिंग खेळू शकले. ६ तास ३९ मिनिटं. शोहेई ओहतानी त्यात नऊ वेळा बेसवर पोचला, आणि संपवला फ्रेडी फ्रीमनच्या होमरनने.

पावसाचंही सांगून ठेवतो. सामना अधिकृत ठरायला पाच इनिंग लागतात, यजमान पुढे असतील तर साडेचार. रिग्लीवर १९८८ पर्यंत दिवेच नव्हते, कब्स घरचे सगळे सामने दिवसा खेळत. ८ ऑगस्टला थाटात दिवे लावले आणि चौथ्या इनिंगच्या सुमाराला धो धो पाऊस. सामना रद्द, त्यात मारलेले होमरनही रेकॉर्डातून गायब. पहिला अधिकृत रात्रीचा सामना दुसऱ्या दिवशी झाला. तेव्हा आभाळ भरलेलं असेल तर पाचव्या इनिंगपर्यंत तिकीट फेकू नकोस.

आणखी एक. सातव्या इनिंगच्या मधोमध सगळं स्टेडियम उठून गायला लागेल. सामना संपला समजून बाहेर पडू नकोस, ती हात-पाय मोकळे करायची प्रथा आहे. तुझ्याबरोबरचे काही जण गर्दी टाळायला आठव्यातच निघायचं म्हणतील. धावांत मोठं अंतर असेल तर खुशाल जा. एक-दोन धावांचा फरक असेल तर बसून राहा, मग मंडळी कितीही घाई करोत.

सामन्याची तारीख पक्की झाली की कळव. त्या दिवशी दोन्हीकडून कोण पिचर सुरुवात करणार हे बहुधा आधी जाहीर होतं. ती दोन नावं पाठवलीस तर पावणेतीन तासांच्या अलीकडे संपेल की पलीकडे, माझा अंदाज मी उलट टपाली कळवीन.

तुझा,
माधव