गर्दीतल्या माणसाचं नाव: संस्कृती मंत्र्यांना खुले पत्र

माननीय संस्कृती मंत्री महोदय,

स. न. वि. वि.

जुन्या फुटेजमधून माहितीपट रचणारा मी एक संकलक आहे. सरकारी संग्रहातून शॉट घेताना फॉर्मवर किती सेकंद हवेत, कशासाठी हवेत, पैसे कोण भरणार, असं सगळं विचारतात. पडद्यावर दिसणारा माणूस कोण, हा रकाना मात्र तिथे नसतो.

चित्रपटांच्या ऑनलाइन सूचीत हिटलर किंवा केनेडी यांची नावं शोधा. ‘स्वतः (संग्रहित फुटेज)’ अशा शेकडो नोंदी निघतील. त्याच फ्रेममध्ये मागे टोपी सावरत उभा असलेला माणूसही स्वतःच असतो, पण त्याची नोंद होते ‘गर्दी’.

या ‘गर्दी’ने काय होतं ते नेदरलँड्समधल्या नाझींच्या वेस्टरबोर्क छावणीतल्या फुटेजमध्ये दिसतं. 19 मे 1944 रोजी तिथून ऑश्विट्झ या मृत्युछावणीकडे गाडी निघाली. छावणीच्या कमांडंटच्या हुकमावरून रुडॉल्फ ब्रेसलाउअर या कैद्याने तिचं चित्रण केलं. मालडब्याच्या दाराच्या फटीतून डोक्याला फडकं बांधलेली एक मुलगी काही सेकंद बाहेर पाहते. तो शॉट जगभर वापरला गेला आणि ती ज्यूंच्या संहाराचा चेहरा ठरली. 1994 मध्ये डच पत्रकार आद वाखेनार यांनी तिचा माग काढला: सेटेला स्टाइनबाख, वय नऊ, सिंती या रोमा लोकांपैकी एका समाजातली. ती ज्यू नव्हतीच. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा असूनही पन्नास वर्षं तिचं नाव कुणी विचारलं नाही, आणि त्या चुकीखाली सिंती-रोमा लोकांचा संहारही झाकला गेला.

उलट उदाहरणही आहे. 1938 साली पोलंडमधल्या नाशेल्स्क गावात एका पर्यटकाने केलेलं जेमतेम तीन मिनिटांचं चित्रण त्याच्या नातवाला 2009 मध्ये सापडलं. ते दुरुस्त करून सर्वांसाठी खुलं झालं, तेव्हा एका नातीने त्यातल्या पोरांच्या घोळक्यात आपले आजोबा ओळखले. आजोबा हयात होते. त्यांनी आणखी काही चेहऱ्यांना नावं दिली. संग्रहात कुलूपबंद राहिलेल्या रिळाला हे भाग्य कुठलं!

म्हणून माझी विनंती आहे की कॅटलॉग निदान पाहण्यापुरता सर्वांना खुला करा. ‘हा मी’, ‘ही माझी आई’ असं सांगायला येणाऱ्याचं म्हणणं तपासून नोंदवायची सोय करा. कुणाला नाव उघड नको असेल, तर तेही नोंदवा. नाव झाकायचा हक्कही त्याचाच. आणि परवान्यात अट घाला: ज्यांची ओळख पटली आहे, त्यांची नावं श्रेयनामावलीत आलीच पाहिजेत, आणि एका प्रसंगाची गर्दी दुसऱ्याच प्रसंगाची म्हणून खपवता येणार नाही. (आमच्या धंद्यात हे सर्रास चालतं. वेळ कमी, शॉट स्वस्त.)

प्रत्येकाची आगाऊ संमती सक्तीची करा, असं मात्र मी म्हणणार नाही. तशी अट आली की आपलं फुटेज काढून घ्यायला सगळ्यात आधी सत्तेतले लोक धावतील. 1927 मध्ये सोव्हिएत संकलक एस्फिर शुब यांनी रशियाच्या झारच्या घराण्याचं घरगुती चित्रण वापरून झारशाहीवरच टीका करणारा चित्रपट रचला. त्यासाठी झारची परवानगी कोण देणार होतं?

या कामाला नवा विभाग लागणार नाही. सध्याच्या फॉर्मवर एक रकाना आणि आलेली पत्रं वाचणारा एक माणूस, एवढ्यावर सुरुवात होईल. वय झालेले साक्षीदार थांबणार नाहीत, तेव्हा हा रकाना येत्या परवान्यांपासूनच सुरू व्हावा.

आपला,
एक माहितीपट संकलक