टाळीवर लय मोजणाऱ्या तुम्हाला

सप्रेम नमस्कार,

तुमचं नाव इथे लिहीत नाही, कारण तुम्हीच नको म्हणालात. पण आभार मात्र चारचौघांत मानायचे होते, म्हणून हे अनावृत पत्र. वाचणाऱ्यांपैकी कुणी जुना गेम संगणकावर चालवताना "हे तेच आहे, पण तेच नाही" असं म्हणून बसलं असेल, तर त्यालाही हे कळावं.

आमचा पहिला प्लेस्टेशन आता डिस्क वाचत नाही. इतक्या वर्षांनी लेझर थकणारच. डिस्क आमच्याच, नीट जपलेल्या. ताईने आणि मी लहानपणी त्यातल्या एका गेमवर अख्ख्या सुट्ट्या घालवल्या आहेत. पुन्हा तो दोघींनी मिळून खेळायचा, एवढंच मनात होतं. एम्युलेटर, म्हणजे संगणकावर त्या यंत्राची नक्कल करणारं सॉफ्टवेअर, बसवला, डिस्क संगणकात उतरवली, गेम सुरूही झाला. चित्र आलं, आवाज आला. आणि पाण्याखालच्या पातळीचं संगीत सुरू झाल्याबरोबर मला वाटलं, काहीतरी चुकलंय. सूर तेच, पट्टी तीच, पण लय पळतेय. पात्रही पळतंय. जिथे उडी मारायला बोटं सवयीने उठायची, तिथे ती उशिरा पडत होती.

मी विचारायला सुरुवात केली आणि मला काय काय ऐकून घ्यावं लागलं, ते तुम्हाला तेव्हा सगळं सांगितलं नव्हतं. आता सांगते.

ज्याने पैसे घेऊन एम्युलेटर बसवून दिला होता, तो म्हणाला, "गेम चालतोय ना? मग झालं की." त्यानेच एक सेटिंग लावून ठेवलं होतं, त्याने म्हणे सगळं गुळगुळीत चालतं. दुसऱ्याने सांगितलं, संगणक कमी पडतोय, नवीन ग्राफिक्स कार्ड घ्या. 1994 च्या डिसेंबरात जपानमध्ये आलेलं ते यंत्र! 33 मेगाहर्ट्झच्या आसपासचा प्रोसेसर, 2 मेगाबाइट मुख्य मेमरी. त्याची नक्कल करायला आजचा साधा लॅपटॉप पुरतो, आणि संगणक कमी पडला तर गेम रखडतो, पळत नाही. एवढाही विचार न करता लोक दुसऱ्याला खर्चात पाडतात, याचा मला अजून राग येतो. तिसऱ्याने डिस्क कुणाची हे न विचारताच चोरीचा आरोप केला. कन्सोलची नक्कल करणारं सॉफ्टवेअर बनवण्याच्या बाजूने अमेरिकेतल्या अपिलीय न्यायालयाने 2000 सालीच निकाल दिलेला आहे, तोही नेमक्या याच कन्सोलच्या एम्युलेटरबद्दल. पण त्यांना ऐकायचं नव्हतं, सुनवायचं होतं.

सगळ्यात जास्त लागलं ते चौथ्या माणसाचं बोलणं. तो अगदी सौम्यपणे म्हणाला, "आठवणी फसवतात. लहानपणचं सगळं संथच वाटतं." यावर काय बोलणार? सेटिंग चुकलं असेल तर बदलता येतं, कार्ड जुनं असेल तर नवीन घेता येतं. पण तुमची आठवणच खोटी आहे असं कुणी म्हटलं की पुढे बोलायला जागाच उरत नाही. मी ताईला फोन करून सांगणार होते की राहू दे, बहुतेक आपल्यालाच नीट आठवत नाहीये.

तेवढ्यात तुमचं उत्तर आलं, आणि त्यात सल्ला नव्हता. दोन प्रश्न होते. डिस्कवरचा कोड कोणत्या अक्षरांनी सुरू होतो? आणि तेव्हा टीव्हीवर चित्राच्या वर-खाली काळ्या पट्ट्या दिसायच्या का?

काळ्या पट्ट्या! मी त्या साफ विसरले होते, आणि तुमचा प्रश्न वाचताक्षणी त्या डोळ्यांसमोर आल्या. होत्या. आम्हाला वाटायचं टीव्हीच बिघडलाय. चित्रही थोडं दाबल्यासारखं, पात्र जरा बुटकं. डिस्कवरचा कोड एसएलईएस असा निघाला. तुम्ही सांगितलंत की ही युरोपसाठीची, म्हणजे तिथल्या पाल या टीव्ही पद्धतीची आवृत्ती आहे. अमेरिकेतली असती तर एसएलयूएस असतं. पाल टीव्ही 625 रेषांचा आणि सेकंदाला 50 वेळा चित्र बदलणारा, अमेरिकेतला एनटीएससी 525 रेषांचा आणि सेकंदाला 60 वेळा बदलणारा. 60 साठी बनवलेला गेम 50 वर नेताना नीट हात फिरवला नाही, तर दोन गोष्टी होतात. चित्र कमी रेषांचं असल्यामुळे वर-खाली काळी जागा उरते, आणि पडद्याच्या ठेक्यावर बेतलेलं सगळं, म्हणजे चालणं, उड्या, बऱ्याचदा संगीतही, एक षष्ठांशाने संथ होतं. माझ्या एम्युलेटरमधलं ते 'गुळगुळीत' सेटिंग मात्र हा 50 चा गेम जबरदस्तीने 60 वर पळवत होतं. लय बदलते, पट्टी नाही. मी पहिल्या दिवसापासून हेच सांगत होते, फक्त माझ्याकडे त्याला नाव नव्हतं.

इथेच थांबून "ते 60 चं सेटिंग काढून टाका" असं तुम्ही सांगू शकला असता. तेवढ्यानेही काम झालं असतं. तुम्ही थांबला नाहीत, आणि त्यासाठीच हे पत्र आहे.

तुम्ही लिहिलंत, "आत्ता गेम लावू नका. ते संगीत आठवा आणि आठवतं त्या लयीत टाळ्या वाजवून रेकॉर्ड करून पाठवा. ताईंनाही वेगळं पाठवायला सांगा. एकमेकींचं ऐकू नका." मी दार लावून, डोळे मिटून टाळ्या वाजवल्या. ताईला फोनवर सांगितलं तेव्हा ती आधी काहीच बोलली नाही, मग म्हणाली, "कुणीतरी विचारतंय तरी." तिनेही पाठवलं. तुम्ही दोन्ही रेकॉर्डिंग ऐकलीत आणि ठोके मोजलेत. मग तोच गेम तुमच्या संगणकावर दोन्ही वेगांनी चालवून त्या पातळीपर्यंत खेळत गेलात आणि तिथलेही ठोके मोजलेत. जबरदस्तीच्या 60 वर मिनिटाला 120, मूळ 50 वर मिनिटाला 100. आम्हा दोघींच्या टाळ्या 100 च्या अगदी जवळ, ताईची किंचित पुढे.

आणि खाली एक ओळ. "तुमचा कान बरोबर आहे."

ती ओळ वाचून मी रडले, हे सांगायला मला संकोच वाटत नाही. एका व्हिडिओ गेमसाठी रडायचं काय, असं कुणी म्हणेल, पण ते गेमसाठी नव्हतं. इतके दिवस मला समजावणारे पुष्कळ भेटले होते, पण माझं म्हणणं खरं असेल असं धरून ते तपासायला बसलेले पहिले तुम्ही.

तुम्ही नंतर सांगितलेली गोष्ट मी आता सगळ्यांना सांगत असते. डॅनियल लेव्हिटिन आणि पेरी कुक या संशोधकांनी 1996 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात लोकांना आवडती, ओळखीची गाणी नुसत्या आठवणीवरून म्हणायला लावली होती. त्यातल्या 72 टक्के गायनांची लय मूळ गाण्याच्या 8 टक्क्यांच्या आत निघाली. संगीत न शिकलेल्या माणसांचीसुद्धा लयीची आठवण एवढी पक्की असते. आमच्या गेममधला फरक तर 20 टक्क्यांचा होता. तो आम्हाला जाणवला यात नवल नव्हतं, जाणवला नसता तरच नवल. "आठवणी फसवतात" म्हणणाऱ्याने एकदा टाळी वाजवून बघायला हरकत नव्हती.

आणखी एक. मी विचारलं होतं की मग खरा वेग कोणता. बरेच जण छातीठोकपणे सांगतात की 60 च खरा, 50 म्हणजे बिघडवलेला. तुम्ही म्हणालात, गेम बनवणाऱ्यांच्या मनात बहुधा 60 चाच वेग असणार, पण तुम्ही दोघी खेळलात तो 50 चा, तेव्हा तुम्हाला कोणता हवा ते तुम्ही ठरवा. इतकं साधं वाक्य, पण त्यात केवढा मान होता! तज्ज्ञाचं मत आणि आमचं बालपण, दोन्ही तुम्ही शेजारी शेजारी ठेवलंत आणि निवड आमच्यावर सोडलीत. आम्ही 50 घेतला, काळ्या पट्ट्यांसकट.

तुमच्यामुळे मी या एम्युलेटर लिहिणाऱ्या लोकांबद्दल वाचायला लागले, आणि तुम्ही एकटे नाही हे लक्षात आलं. 1997 मध्ये सुरू झालेला मेम हा प्रकल्प नाणं टाकून खेळायच्या जुन्या आर्केड यंत्रांची आतली रचना नोंदवून ठेवतो. गेम खेळता येतात हा त्यातला निव्वळ जोडीचा फायदा, असं ते स्वतःच सांगतात. नियर या टोपणनावाने काम करणाऱ्या प्रोग्रामरने 2004 मध्ये बीएसनेस हा एम्युलेटर लिहायला घेतला. सुपर निन्टेन्डो या जुन्या कन्सोलच्या भागांची एकमेकांशी असलेली वेळ जितकी अचूक जुळेल तितकी जुळवायची, मग त्यासाठी संगणकाला कितीही जास्त कष्ट पडोत, ही त्या कामामागची निष्ठा होती. गेम चालतोय ना, मग झालं, असं ही माणसं म्हणत नाहीत. मूळ यंत्र एखाद्या ठिकाणी अडखळत असेल, तर नक्कलही तिथेच अडखळली पाहिजे, असा त्यांचा आग्रह. पहिल्या प्लेस्टेशनवर चालताना भिंतींच्या कडा थरथरतात, कारण तो कोपऱ्यांच्या जागा पूर्णांकातच धरतो. ती थरथर हवी त्याने ठेवावी, नको त्याने काढावी, अशी सोय करून ठेवणारे लोक आहेत, आणि बहुतेक जण हे रात्री जागून, फुकट करतात. दुसऱ्याच्या आठवणीला इतक्या काळजीने हात लावणारी माणसं जगात आहेत, हे मला ठाऊकच नव्हतं.

मला वाटतं, चांगुलपणा बऱ्याचदा असाच दिसतो. तो मोठं काही देत नाही. समोरच्याचं म्हणणं लहान मानत नाही, एवढंच. डॉक्टरला "इथे दुखतंय" म्हटल्यावर त्याने तिथेच हात ठेवून बघावं, तसं तुम्ही केलंत. ज्यांनी मला वाटेला लावलं, त्यांच्यापैकी काहींना तुमच्याहून जास्त तांत्रिक माहिती असेलही. त्यांच्याकडे माझ्यासाठी प्रश्न नव्हते, तयार उत्तरं होती.

बाकीचं तुम्ही केलंत ते थोडक्यात, कारण ते तुम्हाला ठाऊकच आहे. मॉनिटर 50 वर आणल्यावर चित्राचे हिसके थांबले. कंट्रोलरचा उशीर गेला. मेमरी कार्डातली जुनी नोंदही निघाली. अवघं 128 किलोबाइटचं कार्ड, 15 कप्प्यांचं, आणि त्यातल्या एका कप्प्यात ताईचा अर्धवट राहिलेला खेळ सुखरूप! ती फाइल एम्युलेटरला चालेल अशा रूपात तुम्ही करून दिलीत आणि वर बजावलंत की आधी एक प्रत वेगळी ठेवा. ठेवली आहे, दोन ठिकाणी.

तुम्ही शेवटच्या निरोपात विचारलं होतं की पाण्याखालची पातळी पार झाली का. झाली. गेल्या रविवारी ताई आली होती, कंट्रोलर तिच्याच हातात होता. संगीत सुरू झाल्यावर तिने माझ्याकडे न बघता नुसती मान डोलावली आणि बरोबर तिथेच उडी मारली. पुढच्या पातळीत मात्र दोघी अडकलोय. ते कोडं आम्हाला लहानपणीही सुटलं नव्हतं. उत्तर ठाऊक असलं तरी अजून सांगू नका. पुढच्या रविवारी पुन्हा बसणार आहोत.

ताईने तुम्हाला नमस्कार सांगितलाय. माझाही.

तुमची मनापासून आभारी,
दुसऱ्या कंट्रोलरवाली धाकटी